ठिपके गेले म्हणून उपचार थांबवू नका

भंडारा जिल्ह्यातल्या एका गावातून आलेलं पत्र. नाव-गाव गाळून थोडक्यात देत आहे:

"दिवाळीला यजमानांनी नागपूरहून दोन फुटांची काचेची टाकी आणली. पाच गोल्डफिश आणि एक सकर मासा. मुलगी चौथीत आहे, तिच्यासाठीच आणली. नोव्हेंबर संपता संपता बाजारातून आणखी दोन गोल्डफिश आणून त्यात सोडले. आठवड्याभरात माशांच्या शेपटीवर मीठ भुरभुरल्यासारखे पांढरे ठिपके दिसले. मी चिमूटभर हळद आणि चमचाभर मीठ टाकलं. चार-पाच दिवसांत ठिपके गेले, आम्ही निश्चिंत झालो. पुढच्या आठवड्यात परत आले आणि पहिल्यापेक्षा जास्त. दोन मासे मेले. शेजारचे म्हणतात बोअरच्या पाण्याचा दोष आहे. सासूबाई म्हणतात, मासा मरतो तेव्हा घरावरचं संकट घेऊन जातो, पण मुका जीव असा रोज घरात मरू नये. यजमान म्हणतात, उरलेले गावच्या मामा तलावात सोडून देऊ, जगतील तर जगतील. दुकानदारानं फोनवर निळं औषध सांगितलं. मासा पन्नास रुपयांचा आणि खर्च त्याच्या कितीतरी पट. औषध करावं की सोडून द्यावं? मुलगी रोज टाकीत हात घालते, तिला हा रोग लागेल का?"

ताई,

मुलीचं आधी सांगते, कारण तुमचा जीव तिथेच अडकला असणार. हा रोग माणसाला लागत नाही. तो गोड्या पाण्यातल्या माशांचा आहे आणि माशांपुरताच राहतो. तरी टाकीत हात घातल्यावर साबणानं धुवायची सवय तिला लावा आणि हाताला जखम असेल तर हात घालू देऊ नका. टाकीच्या पाण्यात दुसरे जंतू असू शकतात, ते कापलेल्या जागेतून आत शिरतात.

आता सगळ्यात निकडीचं. उरलेले मासे तलावात सोडू नका. यजमानांच्या मनात दयाच आहे हे मला कळतं, तरीही नको. मामा तलाव म्हणजे माजी मालगुजारी तलाव, तुमच्या भागातल्या धानाचं पाणी आणि मासेमारी करणाऱ्या ढिवर बांधवांची मिळकत त्यावर चालते. पावसाळ्यात तिथे रोहू, कटला, मृगळ यांची बोटुकली, म्हणजे बोटभर पिल्लं, सोडतात. तुमच्या टाकीत हा रोग करणारा जो परजीवी, म्हणजे माशावर जगणारा बारीक जीव आहे, तो माशाची जात बघून लागत नाही. गोल्डफिशला लागतो तसा रोहू-कटल्यालाही लागतो, आणि लहान पिल्लं दाटीनं असतील तिथे फार नासधूस करतो. शिवाय तुमचा सकर. ही मूळची दक्षिण अमेरिकेतली जात. देशात अनेक नद्या-तलावांत लोकांनी टाकीतून सोडून दिलेले सकर आता मोकाट वाढलेत, अंगावरच्या काटेरी कवचानं कोळ्यांची जाळी फाडतात आणि बाजारात त्यांना भाव नाही. चार इंचांचा सकर तलावात दीड फुटांचा होऊ शकतो. म्हणून मासे बरे झाले तरी सोडायचे नाहीत, आणि आजारी असताना तर नाहीच. घरामागच्या बोडीत, म्हणजे लहान तळ्यात, किंवा विहिरीत सोडणंही त्यातच आलं.

माशांचं म्हणाल तर, आजाराने थकलेला टाकीतला गोल्डफिश तलावात गेला की पाणकावळ्याच्या नाहीतर मरळ माशाच्या तोंडी जातो. "जगतील तर जगतील" यातला पहिला "जगतील" फार अवघड आहे.

रोगाकडे वळू. तुम्ही लिहिलेल्या खुणांवरून हा पांढऱ्या ठिपक्यांचा रोग आहे. दुकानांतून त्याला इक किंवा व्हाइट स्पॉट म्हणतात. हा करणारा जीव एकपेशीय आहे, नाव इक्थियोफ्थिरियस मल्टिफिलिस. १८७६ साली फूके यांनी त्याला हे शास्त्रीय नाव दिलं, म्हणजे जवळपास दीडशे वर्षं त्याची ओळख आहे. गोड्या पाण्यातले मासे पाळणाऱ्या बहुतेकांना तो कधी ना कधी भेटतोच. तुमच्या हातून काही पाप घडलंय म्हणून तो आलेला नाही.

पण खात्री करून घ्या, कारण पांढरं दिसलं की सगळेच हा रोग म्हणतात. रात्री खोलीतला दिवा घालवा आणि मोबाइलचा टॉर्च टाकीच्या बाजूनं तिरपा धरा. ठिपके एकेकटे, रव्याच्या कणाएवढे, मिलिमीटरभर किंवा त्याहून लहान आणि जवळपास सारख्या आकाराचे असतील, शेपटी आणि परांवर आधी आणि मग अंगावर असतील, तर हाच. मासा मधूनच खड्यांवर किंवा काचेवर अंग घासून झटक्यानं वळतो, पर अंगाला चिकटवून ठेवतो, खाणं कमी करतो. ठिपके सोनेरी आणि पिठासारखे बारीक असतील तर तो वेगळा रोग, वेलव्हेट. कापसाचा पुंजका असेल तर बुरशी. अंगातून दोऱ्यासारखं काही लोंबत असेल तर अँकर वर्म, आणि चपटं, गोल, सरकणारं काही दिसलं तर माशाची ऊ. या दोघांवर खाली सांगितलेला उपाय चालत नाही.

गोल्डफिशबाबत एक गंमतीची गोष्ट आहे, पण ती ठाऊक नसली तर फुकट औषध होतं. नर वयात आला की त्याच्या कल्ल्यांच्या झाकणांवर आणि छातीच्या परांच्या पुढच्या कडेवर बारीक पांढरे दाणे येतात. ते ओळीनं असतात, शेपटीवर नसतात आणि मासा अगदी तरतरीत असतो. ते वयाचं लक्षण आहे, त्याला हात लावायचा नाही. तुमच्याकडे मात्र ठिपके शेपटीवर आहेत आणि दोन मासे गेलेत, तेव्हा हा तो प्रकार नाही.

आता तुमच्या पत्रातलं एक वाक्य परत वाचा: "चार-पाच दिवसांत ठिपके गेले, आम्ही निश्चिंत झालो." सगळी गडबड इथे झाली, आणि ती जवळजवळ प्रत्येकाची होते.

माशाच्या अंगावर दिसतो तो ठिपका म्हणजे कातडीच्या आत शिरून बसलेला परजीवी. तो वरच्या थराखाली असतो, माशाच्या पेशी खातो, फुगतो. तिथे त्याला मीठ पोचत नाही आणि औषधही पोचत नाही. पोट भरलं की तो स्वतःहून बाहेर पडतो. तुम्ही हळद टाकली असती किंवा नसती, तरी तो त्या दिवशी गळूनच पडणार होता. खाली खड्यांवर, काचेवर, झाडांच्या पानांवर तो चिकटतो, स्वतःभोवती कवच करतो आणि आत त्याची वाटणी सुरू होते. उबदार पाण्यात साधारण दिवसाभरात एकाचे शेकडो होतात, कधी हजाराच्या घरात. ही पिल्लं कवच फोडून पाण्यात पोहत सुटतात आणि मासा शोधतात. एक-दोन दिवसांत मासा सापडला नाही तर मरतात. सापडला तर कातडीत शिरतात आणि काही दिवसांनी आपल्याला परत ठिपके दिसतात. दुसऱ्या खेपेला ठिपके जास्त का आले, याचं उत्तर यातच आहे.

औषध लागू पडतं ते या पोहणाऱ्या पिल्लांवर. तुमच्या घरी धान आहे असं धरून चालते, तेव्हा खोडकिडा तुम्हाला माहीत आहे. अळी खोडात शिरली की वरून फवारा मारून तिला फारसं काही होत नाही, ती शिरायच्या आधी गाठावी लागते. इथेही तसंच आहे. अंगावर ठिपका दिसत नाही तेव्हाच शत्रू उघड्यावर असतो, आणि नेमकं त्याच वेळी आपण "बरं झालं" म्हणून हात आखडता घेतो. म्हणून उपचार ठिपके बघून थांबवायचा नाही, दिवस मोजून थांबवायचा.

दिवस किती, हे पाण्याच्या तापमानावर आहे. २४ ते २६ अंश सेल्सिअसला हे सगळं चक्र ३ ते ६ दिवसांत पुरं होतं. पाणी थंड असेल तर ते लांबत जातं, १० अंशांना महिन्याहून जास्त लागतो. तुमच्या भागात डिसेंबर-जानेवारीत रात्रीचा पारा १० अंशांच्या आसपास उतरतो आणि दुपारी चांगलं ऊन असतं. चाळीस-पन्नास लिटरची टाकी हा चढउतार पचवू शकत नाही. दिवसा २४, पहाटे १७ असं रोज झालं की माशाची प्रतिकारशक्ती ढासळते आणि अंगावर थोडासा असलेला परजीवी उसळतो. विदर्भात हा रोग हिवाळ्याच्या तोंडाला आणि पावसाळ्याच्या सुरुवातीला जास्त दिसतो, त्यामागे मला हेच कारण दिसतं. मे महिन्यात टाकीचं पाणी आपोआप ३२-३३ अंशांवर जातं, तेव्हा याची बहुतेक कुळं वाढूच शकत नाहीत. त्या दिवसांत वेगळा त्रास असतो, पाण्यातला प्राणवायू कमी होतो.

बोअरच्या पाण्यावर आलेला आळ काढून टाकते. हा जीव माशाशिवाय जगत नाही. बोअरमध्ये मासे नसतात, म्हणून बोअरमधून तो येणं शक्य नाही. तो आला बाजारातून आणलेल्या त्या दोन माशांबरोबर. ते दिसायला चांगले होते, कारण सुरुवातीला परजीवी फक्त कल्ल्यांत असू शकतो आणि तिथे आपल्याला दिसत नाही. बोअरच्या पाण्याचा दोष असलाच तर एवढा, की ते जड असतं आणि नुकतं उपसलेल्या पाण्यात प्राणवायू कमी असतो. रात्रभर उघड्या बादलीत ठेवलं की काम भागतं. नळाचं पाणी वापरत असाल तर जास्त जपा. ग्रामपंचायतीच्या टाकीत टीसीएल पावडर टाकतात, तिच्यातलं क्लोरीन माशाचे कल्ले जाळतं. ते पाणी उघड्या भांड्यात २४ तास ठेवा, मधून मधून ढवळा, किंवा दुकानात मिळणारं अँटी-क्लोरीन वापरा. तलावाचं, बोडीचं पाणी किंवा तिथलं शेवाळ टाकीत आणू नका. तिथे मासे आहेत, म्हणजे तिथून हा येऊ शकतो. पाणी स्वच्छ करायला तुरटीही फिरवू नका.

आता उपचार. मी तुमच्या जागी असते तर औषधाच्या आधी मीठ आणि ऊब यांवर भर दिला असता, कारण ते तुमच्या घरात होण्यासारखं आहे आणि चूक झाली तर सुधारता येतं.

पहिलं काम, टाकीत पाणी किती आहे ते काढा. लांबी, रुंदी आणि पाण्याची उंची सेंटिमीटरमध्ये मोजा, तिन्हींचा गुणाकार करा आणि हजारानं भागा, लिटर मिळतात. दोन फूट लांब, एक फूट रुंद आणि दहा इंच पाणी म्हणजे ६० गुणिले ३० गुणिले २५, साधारण ४५ लिटर. खड्यांची जागा वजा करून ४० धरा. हे गणित मुलीला करू द्या, चौथीच्या मुलीला ते जमतं.

मीठ साधं जाडं घ्या, जनावरांच्या दाणीत टाकतो ते खडे मीठ चालेल, फक्त त्यात दुसरं काही मिसळलेलं नसावं. ते तोलून घ्या. चमचाभर मिठाचा उपयोग का झाला नाही, हे इथे कळेल: ४० लिटरला चमचाभर म्हणजे काहीच नाही. लिटरला २ ग्रॅमपर्यंत जायचं आहे, म्हणजे तुमच्या टाकीला ८० ग्रॅम. किराणा दुकानाच्या काट्यावर ४० ग्रॅमच्या दोन पुड्या करून आणा. पहिली पुडी तांब्याभर पाण्यात पूर्ण विरघळवून हळूहळू ओता, बारा तासांनी दुसरी. खडे तसेच तळाला टाकले तर मासा त्यांवर जाऊन बसतो आणि अंग भाजतं. फक्त गोल्डफिश असते तर मी लिटरला ३ ग्रॅम सांगितलं असतं, ते त्यांना सोसतं. तुमच्यात सकर आहे, त्याला जास्त मीठ मानवत नाही, म्हणून २ वर थांबा आणि त्याच्यावर नजर ठेवा. तो उलटापालटा होऊ लागला, फार जोरात श्वास घेऊ लागला, तर चौथा हिस्सा पाणी बदला. टाकीत खरी झाडं असतील तर ती काढून ठेवा, मिठानं बरीचशी जळतात.

मीठ वाफेबरोबर उडून जात नाही. पाणी आटलं म्हणून वरून घालाल ते साधं घाला. बदलण्यासाठी जेवढं काढलं तेवढ्याच पाण्याचं मीठ परत टाकायचं. १० लिटर काढलं तर २० ग्रॅम. इथे गल्लत झाली की टाकी दर खेपेला खारट होत जाते.

ऊब आणण्यासाठी हीटर लागेल. टाकीत किती लिटर पाणी आहे ते दुकानात सांगून त्याला पुरेल असा घ्या. पाणी एकदम तापवायचं नाही, दिवसाला दोन-तीन अंश असं चढवत २८ वर आणा. उष्ण पाण्यातल्या माशांना, मॉली-गप्पीसारख्यांना, ३० पर्यंत नेतात. गोल्डफिश थंडीचा मासा आहे, त्याला २८ पुरे. पाणी जितकं ऊन तितका त्यात प्राणवायू कमी, म्हणून हवेचा पंप दिवसरात्र चालू ठेवा. काचेला चिकटवायचा साधा थर्मामीटर घ्या, हीटरवरच्या आकड्यावर विसंबू नका. टाकीत हात घालण्याआधी आणि पाणी काढण्याआधी हीटरचं बटण बंद करून पिन काढायची. पाण्याबाहेर चालू राहिलेला हीटर फुटतो आणि विजेचा धोका वेगळाच. हे काम मुलीकडे देऊ नका.

तुम्ही म्हणाल, गावात लाइन जाते. जातेच. टाकीच्या तीन बाजूंना थर्माकोल लावा, रात्री वरून गोधडी घाला, वर हवेला बोटभर फट राहू द्या. टाकी दाराशी किंवा खिडकीच्या झोतात असेल तर आतल्या भिंतीशी हलवा, पण निम्म्याहून जास्त पाणी काढून मगच, भरलेली टाकी उचलली की तळ तडकतो. पंप बंद पडला तर दर अर्ध्या-पाऊण तासानं मगानं टाकीतलंच पाणी घेऊन वीतभर उंचीवरून परत ओता. हीटर घेणं जमतच नसेल तर तेवढ्यासाठी उपचार सोडू नका. पाणी २० अंशांच्या आसपास एकसारखं राहील एवढं बघा आणि मिठाचा उपाय चार आठवडे धरा. हीटरनं २८ अंश राखलं तर एकूण दोन आठवडे, आणि शेवटचा ठिपका दिसल्यानंतर किमान सात दिवस. यातलं जे उशिरा संपेल ते खरं.

या काळात एक दिवसाआड चौथा हिस्सा पाणी बदला, आणि बदलताना नळीचं टोक खड्यांत खुपसून तळाचा गाळ ओढा. कवचात बसलेले परजीवी तिथेच असतात, त्यामुळे ही ओढ औषधाइतकीच मोलाची आहे. नळी तोंडानं ओढू नका, पाण्यानं भरून घ्या. काढलेलं पाणी बोडीत, नाल्यात किंवा विहिरीजवळ टाकू नका. अंगणातल्या कोरड्या, उन्हाच्या जागी टाका. हा जीव वाळला की संपतो. तुळशीला किंवा भाजीच्या वाफ्याला घालू नका, खारट आहे.

पहिल्या दोन-तीन दिवसांत ठिपके वाढलेले दिसतील. घाबरू नका. जे आधीच कातडीत शिरले होते ते आता फुगून दिसू लागतात. अनेक जण इथे धीर सोडतात आणि मीठ आहेच, त्यावर दुसरं औषध, त्यावर तिसरं, असं करतात. मग मासे रोगानं मरतात की औषधानं, हे कोणालाच सांगता येत नाही.

पाच-सहा दिवसांनीही मासे पाण्याच्या वर तोंड काढून धापा टाकत असतील, किंवा नवे ठिपके तितकेच येत असतील, तर औषधाकडे वळा. दुकानदारानं सांगितलेलं निळं औषध बहुधा मेथिलीन ब्लू असणार. बुरशीला ते चांगलं, या रोगावर मॅलाकाइट ग्रीन असलेलं औषध जास्त भरवशाचं आहे. बाटलीवर लिहिलेलं प्रमाण पाळा. सकर असल्यामुळे निम्म्या मात्रेनं सुरुवात करा. फिल्टरमध्ये कोळसा असेल तर काढा, तो औषध शोषून घेतो. टाकीचा दिवा बंद ठेवा, उजेडात हे औषध लवकर निकामी होतं. पाणी बदलून मीठ कमी करत न्या आणि दोन औषधं एकत्र करू नका. हे औषध विषारी आहे, हातमोजे घालून वापरा, घरात कोणी गरोदर असेल तर तिनं हात लावू नये, बाटली लेकराच्या हाती लागणार नाही अशी ठेवा. खाण्याच्या माशांवर ते वापरायला बंदी आहे, तेव्हा शेततळ्यात मासे पाळणाऱ्या कोणी हे वाचून तिथे टाकू नये. फॉर्मेलिनची बाटली कोणी देऊ केली तरी घरात आणू नका, त्याची वाफ डोळ्यांना आणि छातीला वाईट.

हळद मात्र बंद करा. ती पाण्यात विरघळत नाही, तळाला बसून पाणी खराब करते, आणि आजारी कल्ल्यांना तेच नको असतं.

तुमच्या टाकीत गर्दीही आहे. गोल्डफिश हातभर नाही तरी वीतभर वाढणारा मासा आहे आणि घाण खूप करतो. दोन फुटांच्या टाकीत दोन, फार तर तीन सुखानं राहतात. तुमच्याकडे आज पाच आणि एक सकर आहे. म्हणून खाणं कमी करा, आजाराच्या दिवसांत एक दिवसाआड, दोन मिनिटांत संपेल एवढंच. न खाल्लेले दाणे कुजून अमोनिया होतो आणि ठिपक्यांनी न मेलेला मासा त्यानं मरतो. फिल्टरचा स्पंज नळाखाली धुऊ नका, त्यात पाणी शुद्ध करणारे जिवाणू असतात, ते क्लोरीननं मरतात. टाकीतून काढलेल्या पाण्यातच तो पिळा. बरे झाल्यावर दोन मासे कोणाला द्यायचे असतील तर मोठी टाकी असलेल्या माणसाला द्या.

खर्चाचं तुम्ही विचारलं. मासा पन्नासचा आणि हीटर त्याच्या कितीतरी पट, हे खरं आहे. पण तो हिशेब मला थोडा उलटा वाटतो. हीटर, थर्मामीटर, मीठ हे एका माशावर खर्च होत नाहीत, पुढच्या प्रत्येक हिवाळ्यात लागणार आहेत. ते घेतलं नाही आणि हे मासे गेले, तर पुढच्या दिवाळीला नवे मासे त्याच टाकीत, त्याच थंडीत येतील. खर्च अजिबात झेपत नसेल तर तेही ठीक आहे, टाकी ठेवायलाच हवी असं कुठे आहे? पण तेव्हाही मासे सांभाळणाऱ्या कोणाला रोगाची कल्पना देऊन द्या, तलावाला नको. एखादा मासा आडवा पडून राहिला, चार दिवस खात नाही, असं झालं आणि निदानाची खात्री करून घ्यावीशी वाटली, तर नागपूरला मत्स्य विज्ञान महाविद्यालय आहे. अंगावरचा चिकट थर सूक्ष्मदर्शकाखाली ठेवला की या जीवाच्या पोटात घोड्याच्या नालेसारखं केंद्रक दिसतं, मग शंका उरत नाही. तालुक्याच्या पशुवैद्यकीय दवाखान्यात विचारून बघा, पण तिथल्या डॉक्टरांचा दिवस गाई-म्हशींत जातो, माशाचं त्यांना माहीत नसलं तर राग धरू नका.

सासूबाईंच्या बोलण्यात दोन गोष्टी आहेत आणि त्या वेगळ्या करायला हव्यात. मासा मरताना घराचं संकट नेतो, ही समजूत विदर्भातच काय, इतरही बऱ्याच ठिकाणी आहे. तिची मला काळजी वाटते ती एका कारणानं: मरण शुभ ठरलं की ते कशानं आलं हे कोणी विचारत नाही. पहिला मासा गेला तेव्हा कोणी टॉर्च लावून बघितलं असतं तर दुसरा कदाचित वाचला असता. पण "मुका जीव घरात मरू नये" हे त्यांचं म्हणणं अगदी बरोबर आहे, आणि ते मनापासून आलंय. त्यांच्याशी वाद घालत बसू नका. दुपारी घरात त्याच असतात, त्यांना पहारा द्या. मासे वर येऊन धापा टाकतात का, पंपाचे बुडबुडे चालू आहेत का, एवढं बघायचं. ज्यांना मुक्या जिवाचं वाईट वाटतं, त्यांच्याइतकं लक्ष दुसरं कोणी देत नाही.

मुलीला खरं सांगा. मासे देवाकडे गेले एवढंच सांगितलंत तर उरलेले कधी जातील या धास्तीनं ती जेवायची नाही. तिला रोगाचं चक्र चित्र काढून दाखवा: माशावरचा ठिपका, तळावरचं कवच, पोहणारी पिल्लं. एक वही द्या. सकाळी आणि संध्याकाळी तापमान, शेपटीवरचे ठिपके मोजून, आणि मासा खाल्ला की नाही, एवढं ती लिहील. तुम्हाला उपचार कधी थांबवायचा हे त्या वहीवरूनच ठरवायचं आहे. आणखी एखादा मासा जाऊ शकतो, हेही तिला आताच सांगून ठेवा. कल्ले फार खराब झाले असतील तर उपचार बरोबर असूनही मासा वाचत नाही. गेला तर लगेच काढा, मेलेला मासा पाण्यात राहिला की पाणी नासतं, आणि झाडाखाली हातभर खोल पुरा, मांजर उकरणार नाही असा.

दोन आठवडे पुरे झाले, वहीत सात दिवस ठिपक्यांच्या रकान्यात शून्य आलं, की रोज थोडं पाणी बदलत मीठ काढून टाका आणि तापमान हळूहळू २२-२४ वर आणा. हिवाळा संपेपर्यंत हीटर लावून ठेवा.

मुलगी नव्या माशांसाठी हट्ट करील. पाच आहेत तेच जास्त आहेत, हे तिला सांगा. पुढेमागे आणलाच तर तो आधी वेगळ्या प्लास्टिकच्या टबात तीन-चार आठवडे, त्याची जाळी आणि पाण्याचा मग वेगळे, पिशवीतलं दुकानाचं पाणी टाकीत ओतायचं नाही. जाळी प्रत्येक वेळी उन्हात खडखडीत वाळवायची.